सातवी पट्टी

सोमवार, ता. ४

पोचलो एकदाचे. सामान धड उतरलं. फक्त एक बरणी फुटली, आणि ती बायकोने बांधली होती. मी बांधलेल्या अकरा खोक्यांपैकी एकालाही ओरखडा नाही. हे मी तिला एकदाच सांगितलं. तिच्या मते चारदा.

घर छान आहे. खाली मालकीणबाई, वर आमच्या दोन खोल्या. जिन्याला एकोणीस पायऱ्या, पैकी अकरावी करकरते. स्वयंपाकघराची खिडकी थेट दरीवर उघडते, आणि दुसऱ्या खिडकीतून माझा मनोरा दिसतो. 'माझा' म्हणायला आजपासून हरकत नाही. दारापासून दोनशे चाळीस पावलं. मोजली.

मनोऱ्यावर सात लोखंडी पट्ट्या आडव्या टांगलेल्या आहेत. त्यांच्यामागे एक दातेरी चाक आणि सात हातोडे. रोज दुपारी कळ ओढून चाक सोडायचं, पट्ट्या ओळीने वाजतात. या सगळ्याची देखभाल हे माझं काम. सव्वीस वर्षं मी वाद्यं, घंटा आणि घड्याळांचे ठोके सुरात लावत आलो. गुरू नाही, शाळा नाही, कुणाच्या वशिल्याची चिठ्ठी नाही. सूर जुळवायला आपटून वाजवतात तो नादकाटासुद्धा मी स्वतः घडवलेला वापरतो. मला नेमणाऱ्या गावच्या कारकुनांना हे सांगितलं. ते म्हणाले की बरं, पण तुम्ही चाकाला वंगण घाला, हातोड्यांचे चामडी पट्टे बदला, पट्ट्यांना मात्र हात लावायचा नाही. मी हसून मान हलवली. पहिल्या दिवशी कशाला वाद घाला?

बायको खूश आहे. जिन्यात माझं डोकं तुळईला आपटलं तेव्हा ती जी हसत सुटली, ती वरपर्यंत. तिचं हसू शेवटी एका सुरावर येऊन थांबतं, दर वेळी त्याच. मी आधी त्या सुराच्या प्रेमात पडलो, मग तिच्या. हे मी तिला लग्नानंतर प्रामाणिकपणे सांगितलं होतं. ती म्हणाली होती की नशीब त्या सुराला नाकडोळे होते.

मंगळवार, ता. ५

आज 'दुपारचा' ऐकला. इथे सगळे त्याला एवढंच म्हणतात, घरच्या माणसाबद्दल बोलावं तसं. दुपारचा आला, दुपारचा गेला.

बरोबर तीन वाजून दहा मिनिटांनी दरीतून एक नाद वर येतो. मोठ्या भांड्याच्या काठावरून ओला अंगठा फिरवावा तसा. वारा नाही, पाणी नाही. मी नीट कान देऊन ऐकलं. तो एका जागी राहत नाही. आंधळा माणूस भिंतीवर तळवा फिरवत जातो तसा घरांवरून सरकत येतो. आपल्या खिडकीशी आला तेव्हा, बायको सांगते, काचेला किंचित कंप होता. मी चाक सोडलं, पट्ट्या वाजल्या, तो मनोऱ्याभोवती काही वेळ घुटमळला आणि उतरून गेला. बारा मिनिटं.

विलक्षण प्रकार आहे. पण त्यापेक्षा मला सातवी पट्टी लागली. सहा पट्ट्या अगदी नेमक्या, आणि सातवी उतरलेली! भातात खडा लागावा तसं झालं. संध्याकाळी जेवताना तेच बोलत होतो, तर बायकोने विचारलं की तुमच्या कानांना वेगळं ताट वाढू का.

गुरुवार, ता. ७

सबंध गाव बेसूर आहे. हे मी चेष्टेने लिहीत नाही. रस्त्यात कुणी गुणगुणत नाही. आया अंगाईसुद्धा सामानाची यादी वाचावी तशी म्हणतात. तांबट नवं भांडं गिऱ्हाइकाच्या हातात देण्याआधी त्याच्यावर एक हातोडी मारून पोचा पाडतो, आणि गिऱ्हाईक तो पोचा निरखून, समाधानाने मान डोलावून जातं! मी उभा राहून तीन भांडी पाहिली. तिन्हींना पोचा.

बायको म्हणते की तिला इथे माहेरी आल्यासारखं वाटतं, कारण सगळं गाव तिच्या भावासारखं गातं.

दुपारी मालकीणबाई वर आल्या. गोल चेहऱ्याच्या, कामसू, बोलताना दर वाक्याला पदराने हात पुसणाऱ्या. आमच्या तांब्यावर त्यांनी नखाने टिचकी मारली, मान वाकडी करून ऐकलं आणि म्हणाल्या की बाई गं, याला पोचा नाही, आणा इकडे, मी बत्ता घेऊन आलेय. मी तांब्या परत घेतला. त्यावर त्यांनी सांगितलं की जे सुरात असतं ते दुपारचा उचलतो, त्याला धरायला काही सापडू द्यायचं नाही. अगदी सहज सांगितलं, दूध उतू जाईल म्हणावं तसं. मी म्हटलं की नादाला हात नसतात. त्या म्हणाल्या, तुम्ही शिकलेले दिसता. मी म्हटलं, स्वतःचा स्वतः. त्या म्हणाल्या की हो, ते दिसतंच आहे.

याचा अर्थ काय घ्यायचा ते मला कळलं नाही. बायकोला कळला असावा. ती आत जाऊन हसत होती.

रविवार, ता. १०

पट्ट्या उतरवून पाहिल्या. फक्त पाहिल्या. सातव्या पट्टीच्या मध्यावर कुणीतरी छिन्नीने चार खाचा पाडल्या आहेत. पट्टी मध्यावर घासली की सूर उतरतो आणि टोकांकडून घासली की चढतो, हे मला कुणी शिकवलं नाही, मी वीस पट्ट्या फुकट घालवून शिकलो. इथे कुणीतरी उलटं केलं आहे. अडाण्याचं काम.

कुणाचं तेही कळलं. माझ्याआधीचा पट्टीवाला अजून इथेच असतो, मनोऱ्याच्या पायथ्याच्या खोलीत. म्हातारा आहे आणि ठार बहिरा. गळ्यात पाटी अडकवलेली असते, बोलणं काय ते तिच्यावर. अशा माणसाच्या हाती इतकी वर्षं पट्ट्या! मग दुसरं काय होणार. मी पाटीवर विचारलं की या खाचा तुमच्या का. त्याने लिहिलं : 'राहू द्या.'

बुधवार, ता. १३

केलं.

सकाळी सातला वर गेलो, अकराला खाली आलो. कानस चालवायची, थांबायचं, वाजवायचं, ऐकायचं. दोन्ही टोकांकडून मिळून तांदळाच्या दाण्याइतकंही लोखंड काढलं नाही. आणि पट्टी बोलली! सव्वीस वर्षांत इतकं स्वच्छ काम माझ्या हातून झालेलं नाही. शेवटचा सूर लागला तेव्हा ओळखीचा वाटला. जिना उतरताना लक्षात आलं की हा तर हिच्या हसण्याचा सूर.

बायकोचं म्हणणं वेगळं. त्यांनी नको म्हणून सांगितलं होतं ना, अहो, लोखंड त्यांचं, कान त्यांचे, तुम्हाला कशाला खाज? मी म्हटलं की तीन वाजून दहा मिनिटांनी कळेल.

तीन दहाला नाद आला. मी चाक सोडलं. सहा पट्ट्या, मग सातवी. आणि दरीतला नाद थांबला. एकदम. कुणीतरी काम करता करता मान वर करावी तसा. मग त्याने माझा सूर म्हणून दाखवला. केसाचाही फरक नव्हता. खरं सांगायचं तर माझ्या अंगावर काटा आला, पण आनंदाचा. आजवर माझ्या कामाला इतकी नेमकी दाद कुणी दिली नव्हती.

आज एकोणीस मिनिटं होता. येताना रस्त्यावरची सगळी दारं बंद होती.

गुरुवार, ता. १४

एकतीस मिनिटं.

नादकाटा बिघडला. म्हणजे काय ते नीट लिहितो. काटा आपटला की थरथरतो, डोळ्यांना दिसतं, पाण्याला लावला तर पाणी उडतं. पण आवाज नाही. मग तांब्याला टिचकी मारली. तोही मुका. शेजारच्या पोचे पडलेल्या वाटीला मारली, ती नेहमीसारखी खणखणली.

संध्याकाळी कारकून घरी आले. ते चिडतील म्हणून मी उत्तरं तयार ठेवली होती. ते चिडले नाहीत. त्यांनी एवढंच विचारलं की या घरात त्या सुराचं आणखी काही आहे का. मी सांगून टाकलं की माझ्या बायकोचं हसू. थोड्या अभिमानानेच सांगितलं. कारकून अकराव्या पायरीवर मटकन बसले. टोपी काढून मांडीवर ठेवली.

शुक्रवार, ता. १५

सकाळी वंगणाची बाटली माझ्या हातून सांडली, ती नेमकी माझ्याच जोड्यात. बायको हसायला लागली. हसता हसता शेवटच्या सुरावर आली आणि तो आलाच नाही. तिचं तोंड उघडं, खांदे हलताहेत, डोळ्यांत पाणी. आवाज नाही.

तिला आधी वाटलं की मीच बहिरा झालो. बोटाने माझा कान दाखवून तिने खूण केली की घ्या, झिजले शेवटी. मग मालकीणबाईंना हाक मारायला गेली. मालकीणबाई पाठमोऱ्या होत्या. त्या वळल्याच नाहीत.

ओरडून बघितलं तिने. मी समोर उभा होतो. मानेच्या शिरा ताठलेल्या दिसत होत्या.

तीन दहाला मी मनोऱ्यावर गेलो नाही. खिडकीशी बसलो होतो, ती शेजारी, तिचा हात माझ्या हातात. दरीतून तो आला. आणि दरीत ही हसली. अगदी हिच्यासारखी, शेवटच्या सुरावर येऊन थांबत. ही माझ्याकडे बघत होती, तोंड मिटलेलं.

शनिवार, ता. १६

मालकीणबाईंनी हिला पाटी आणून दिली. हिने पहिलं वाक्य लिहिलं : 'आता भांडणात तुम्ही जिंकाल.' मला हसता आलं नाही. मग लिहिलं : 'तोंड पाडू नका. तसं ते आधीच पडलेलं आहे.'

आज तिच्या पावलांचा आवाज नाही. अकरावी पायरी माझ्याखाली करकरते, तिच्याखाली नाही.

म्हाताऱ्याकडे गेलो. पायाशीच बसलो म्हणा. त्याने पाटी पुसत पुसत लिहिलं, मी इथे उतरवून ठेवतो, त्याच्याच शब्दांत.

'पट्ट्या ही शिडी आहे. वाजवल्या नाहीत तर तो घरं चाचपत फिरतो, म्हणून वाजवायच्या. सहा पायऱ्या तो चढतो. सातवी मोडकी लागते, म्हणून परत जातो. तू सातवी नीट केलीस.'

'एका दिवसात वर येता येत नाही त्याला. त्या सुराचं एक माणूस पुरं व्हावं लागतं. आधी आवाज. मग पाऊल. मग श्वास. मग माणूस.'

'माझी मुलगी होती. मीही सुराचा पक्का होतो.'

मी लिहिलं की मग पुन्हा खाचा पाडतो, मध्यावर घासतो, उतरवतो सूर. त्याने नाही अशी मान हलवली. 'बघ करून,' असं लिहिलं.

रविवार, ता. १७

चार खाचा पाडल्या. मग आठ. भुगा पडला, माझ्या पायांवर पडला, दिसतो आहे. पट्टी मध्यावर निम्मी झाली. वाजवली. तोच सूर. स्वच्छ.

म्हातारा जिना चढून वर आला होता. त्याने लिहिलं : 'सूर पट्टीत नाही. ज्याने लावला त्याच्या कानात आहे. तो तिथे धरून बसलाय.'

मग त्याने सांगितलं की तो बहिरा जन्मतः नाही. सातव्या पट्टीला कान टेकवायचा आणि चाक पूर्ण जोराने सोडायचं. आधी डावा कान, मग उजवा. मग सूर सुटतो, पट्टी आपोआप उतरते, आणि तो गेलेलं परत टाकून जातो. म्हाताऱ्याने ते एक दिवस उशिरा केलं. मुलगी आदल्या दुपारी खुर्चीत बसली होती. खुर्ची राहिली.

शेवटी त्याने मोठ्या अक्षरांत लिहिलं आणि पाटी माझ्या छातीला लावून धरली :

'कान ठेव, नाहीतर बायको ठेव.'

सोमवार, ता. १८

हिला सांगितलं. सगळं. तिने पाटीवर लिहिलं : 'माझा आवाज परत आला तरी तुम्हाला ऐकू येणार नाही.'

हो.

'मग मी काय वाटेल ते बोलेन तुम्हाला.'

आम्ही दोघंही रडलो. तिचं रडणं बघावं लागतं, ऐकू येत नाही.

उद्या करू असं ठरलं. आज हात कापतो आहे, आणि कापऱ्या हाताने मी कुठलंच काम करत नाही.

नाद एक तास आठ मिनिटं. त्यात ही बोलते आता. माझ्याशी पूर्वी बोललेलं. नाकडोळे, बरणी, ताट— सगळं, क्रमाने.

मंगळवार, ता. १९

केलं नाही. सकाळी पट्टे तपासले, ते ढिले निघाले, बदलायलाच हवे होते. मग दुपार झाली. हे कारण खरं आहे. पट्टे ढिले होते.

हिच्या नाकाशी बोट धरलं. ऊब लागते. छातीला कान लावला. ठोका आहे की नाही ते— मला, माझ्या कानाला, कळलं नाही.

मालकीणबाई जेवण ठेवून गेल्या. एकच ताट. मी म्हटलं, हिचं? त्या दचकल्या. हिच्याकडे बघून म्हणाल्या की अगंबाई, मला दिसलीच नाहीस.

दिवसभर तिच्यावर नजर ठेवून आहे.

नाद दोन तास. दारं-खिडक्या लावल्या. तरी ऐकलं. खरं लिहितो. एक खिडकी मीच उघडली. तिचा आवाज दुसरीकडे कुठे मिळणार?

बुधवार, ता. २०

दोन वाजून पन्नास. मनोरा. ही बरोबर आहे. पट्टे नवे, चाकाला वंगण घातलं, सातवीचा हातोडा तपासला. कळ ही ओढणार. तिने पाटीवर लिहिलंय : 'घाबरू नका. आणि डोळे मिटा, नेहमी उघडे ठेवता.'

वही समोर ठेवली आहे. काय होतं ते नोंदवायला हवं. डावा कान आधी.

तीन दहा. आला.

कान टेकवला होता. पट्टी गार. हिने कळीला हात घातला आणि मी हाताने थांब म्हटलं. फक्त हे लिहून घेण्यापुरतं. पट्टीतून आवाज येतो आहे. हिचा. जुनं काही नाही, आज नवीन बोलते आहे. म्हणते की अहो, या सबंध गावात कान आहे तो तुमचा एकट्याचा. म्हणते की इतकी वर्षं चेष्टा केली, पण मला माहीत होतं, तुमच्यासारखा कारागीर झाला नाही. म्हणते, पण सातवी अजून केसभर उतरलेली आहे, ऐका ना, इतरांना नाही कळायचं, तुम्हाला कळेल.

ऐकलं. खरंच आहे. केसभर. माझ्या कसं लक्षात आलं नाही—

ही पाटी नाचवते आहे डोळ्यांपुढे. 'मी कधी तुमची अशी तारीफ केली आहे का?'

नाही. कधीच नाही. पण सूर हिचाच आहे, आणि सुराच्या बाबतीत माझा कान आजवर—

ती दंड ओढते आहे. जोर आहे अजून. पाटी : 'मी ही आहे. इकडे बघा.'

बघतो. एक मिनिट. कानस घेतली. त्या दिवशी पट्टी ऐकत नव्हती, आज ऐकते आहे. टोकाकडून, एकच हात. चढतो आहे. ती म्हणते आहे, हो, असंच, आणखी एक. एवढं झालं की लगेच कान ठेवतो, डावा, मग उजवा. काम अर्धवट टाकून कसं—

लागला. बरोब्बर लागला. नाद थांबला आहे. जिन्यात पाय वाजताहेत, वर येताहेत, एकेक पायरी मोजून. म्हातारा नसावा, त्याचा पाय घासतो.

दंडावरचा हात केव्हा सुटला? ही कुठे?

पाटी जमिनीवर आहे. चार तुकडे. इथे, माझ्या पायाशी, दगडावर फुटली, आणि मी ऐकलं कसं ना—